मृतसाठ्यातले जीव

मे महिना लागला की नगर जिल्ह्यातल्या वर्तमानपत्रांत धरणसाठ्याची चौकट आधी वाचली जाते. भंडारदरा, निळवंडे, मुळा आणि शेवटी पैठणचा नाथसागर, म्हणजे जायकवाडी. आज किती टीएमसी, गेल्या वर्षी याच दिवशी किती. लग्नाच्या मांडवात जेवणाच्या पंगतीलाही तोच विषय असतो. या चौकटीतला एक शब्द मला दरवर्षी टोचतो, तो म्हणजे मृतसाठा. कालव्याच्या दाराच्या उंबऱ्याखाली राहिलेले, आपोआप बाहेर न पडणारे पाणी अभियंत्याच्या हिशेबात मेलेले धरतात. नाथसागराचा मृतसाठा सुमारे 26 टीएमसी आहे. बारागाव नांदूरचे आपले अख्खे मुळा धरण काठोकाठ भरले, तरी तेवढेच पाणी होते.

या मेलेल्या पाण्याकडे एकदा जवळून पाहावे. उन्हाळ्यात शेवगावच्या बाजूने फुगवट्याकडे गेलात, तर पाणी मागे सरलेले असते. आधी भेगाळलेली जमीन, मग ओला चिखल आणि मग काठ. तिथून काचेचा पेला भरून घ्यावा आणि उन्हाकडे धरावा. पहिले काही क्षण नुसते गढूळ पाणी दिसते. नजर स्थिरावली की पांढरे ठिपके हलू लागतात. एक ठिपका उडी मारून वर जातो, सावकाश खाली येतो, पुन्हा उडी मारतो. तो डॅफ्निया, म्हणजे पाणपिसू. त्याचे कवच इतके पारदर्शक असते की साध्या भिंगाखालीही आत धडधडणारे काळीज दिसते. दुसरा ठिपका तिरासारखा सरळ झेप घेतो, थांबतो, पुन्हा झेप घेतो. त्याच्या डोक्यावर मधोमध एकच डोळा असतो, म्हणून त्याचे नाव सायक्लोप्स, ग्रीक पुराणातल्या एकाक्ष राक्षसाचे. मादी असेल, तर शेपटीच्या दोन्ही अंगांना अंड्यांच्या दोन थैल्या लोंबताना दिसतात, बैलाच्या पाठीवर दोन्हीकडे गोण्या टाकाव्यात तशा. हे सारे जेमतेम एका मिलिमीटरात. आणि पेल्यात जी हिरवट झाक दिसते तीही पाण्याचा रंग नव्हे. तिच्यातला कण न् कण एकेक वनस्पती आहे. त्यातले डायटम तर कुंकवाच्या करंड्यासारखे असतात. तळ वेगळा, झाकण वेगळे, आणि दोन्ही सिलिकाचे, म्हणजे ज्या द्रव्याची काच होते त्याचेच.

या सगळ्यांना मिळून प्लवक म्हणतात. मत्स्यशेतीची पुस्तके प्लवंग म्हणतात. प्रवाहाविरुद्ध पोहण्याची ताकद नसलेले, पाणी नेईल तिकडे जाणारे जीव. 1887 साली व्हिक्टर हेन्सन या जर्मन शास्त्रज्ञाने त्यांना प्लँक्टन हे नाव दिले, ते समुद्रावरच्या अभ्यासातून. तेव्हापासून आपल्याही पाठ्यपुस्तकांत प्लवक म्हटले की समुद्र आणि देवमासा येतो. समुद्राचे महत्त्व मोठेच आहे. प्रकाशसंश्लेषणातून पृथ्वीवर तयार होणाऱ्या प्राणवायूचा जवळजवळ निम्मा वाटा समुद्रातल्या तरंगत्या वनस्पतींचा आहे, आणि कोकणची तारली नि बांगडा प्लवकांवरच पोसतात. पण समुद्र नसलेल्या आपल्या जिल्ह्यातही शेततळ्यापासून धरणापर्यंत हेच राज्य आहे, आणि त्याची नोंद कुठेच होत नाही, हे माझे म्हणणे आहे.

दुष्काळी मुलखात राहणाऱ्या माणसाने तर या जिवांची कथा मुद्दाम ऐकावी. पारनेर, पाथर्डी, कर्जतकडचे पाझर तलाव मार्चनंतर कोरडे पडतात. पोरे तळात क्रिकेट खेळतात, शेळ्या हिंडतात. जूनमध्ये दोन चांगले पाऊस झाले, तलावात गुडघाभर पाणी साठले, की दोन-तीन आठवड्यांत त्यात पाणपिसवा दिसू लागतात. त्या येतात कुठून? काही पाखरांच्या पायांना चिकटून, काही वाऱ्यावर, पण पुष्कळशा तिथेच असतात, पायाखालच्या गाळात. पाणी मुबलक असेपर्यंत पाणपिसूच्या मादीला नराची गरज लागत नाही. ती एकटीच मुलीमागून मुली जन्माला घालते. पाणी आटू लागले, दाटी झाली, की मग नर जन्मतात, मीलन होते आणि वेगळ्याच जातीची अंडी तयार होतात. मादी ती आपल्या पाठीवरच्या जाड काळ्या कवचात बंद करते. त्या कवचाचा आकार घोड्याच्या खोगिरासारखा असतो, आणि शास्त्रीय नावाचा अर्थही खोगीर असाच आहे. मादी मरते, खोगीर गाळात पडून राहते. ऊन, भेगा, वर्षावर्षांची कोरड सोसते. तलावाच्या एका चौरस मीटर गाळात अशी अंडी हजारोंनी असू शकतात. अमेरिकेत ऱ्होड आयलंड इथल्या एका तळ्याच्या गाळातून सायक्लोप्सच्या भाऊबंदांची जिवंत अंडी मिळाली. ज्या थरात ती होती, तो 300 वर्षांहून जुना होता. म्हणजे शिवकाळाच्या आसपास घातलेले अंडे 1990च्या दशकातही जिवंत होते. दुष्काळ कसा काढायचा, हे आपल्या आधी या गाळाला कळले होते.

आता तलावांतला गाळ काढून शेतात टाकण्याचे काम जोरात चालते. ते व्हायलाच हवे. तलाव खोल होतात, मुरमाड रानाला काळी माती मिळते. एवढेच म्हणतो, की जेसीबीने तळ अगदी मुरमापर्यंत खरवडून काढताना एखादा कोपरा, चार-दोन गुंठे, तसाच ठेवावा. पुढच्या पावसात तलावाला बियाणे तिथून मिळेल. बियाण्याचे धान्य वेगळे काढून ठेवणाऱ्या शेतकऱ्याला हे जास्त समजावून सांगावे लागू नये.

पण मला या वेळी खरे सांगायचे आहे ते नारूचे. आज पन्नाशीच्या खालच्या माणसाला हा शब्दसुद्धा ठाऊक नसतो. ज्यांच्या घरात तो झाला, ते विसरलेले नाहीत. पायाला फोड यायचा, आगीसारखी जळजळ व्हायची, फोड फुटून पांढऱ्या दोऱ्यासारखा किडा डोके काढायचा. तो दोन-तीन फूट, कधी त्याहून लांब. तो ओढून तोडायचा नाही, काडीला गुंडाळत रोज बोट-दोन बोटे बाहेर घ्यायचा. ऐन पेरणीच्या दिवसांत माणूस खाटेवर. या रोगावर औषध नव्हते, लसही नव्हती, आजही नाही. रोगाचे चक्र फिरायचे ते पायविहिरीत आणि त्या एकाक्ष सायक्लोप्सच्या पोटात. जळजळ शमवायला रोगी पाण्यात पाय सोडायचा, किडा हजारो पिल्ले पाण्यात टाकायचा, सायक्लोप्स ती गिळायचा. दोनेक आठवड्यांत ती पिल्ले रोग द्यायला तयार व्हायची. कोणी तरी ते पाणी घागरीने भरून नेऊन प्यायचे, आणि वर्षभराने त्याच्या पायाला फोड यायचा.

यावर एकच उपाय होता, पाण्यात डोकावून पाहण्याचा. 1983-84 मध्ये देशात नारू निर्मूलनाचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला. नारूग्रस्त सात राज्यांत महाराष्ट्र होता. आरोग्य कर्मचारी गावोगाव हिंडले. रोगी शोधले, पायविहिरींतल्या पायऱ्या बंद करून त्यांच्या रहाटाच्या विहिरी केल्या, हातपंप बसवले, सायक्लोप्स मारण्यासाठी मोजून टेमेफॉस टाकले. आणि घरोघरी सांगितले, पाणी कापडाने गाळून प्या. सायक्लोप्स मिलिमीटरभराचा, दाट विणीच्या कापडात अडकणारच. देशातला शेवटचा रोगी जुलै 1996 मध्ये राजस्थानात जोधपूर जिल्ह्यात सापडला. फेब्रुवारी 2000 मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने भारत नारूमुक्त जाहीर केला. औषध नसलेला रोग नुसते पाण्यातले जीव ओळखून हाकलला गेला. माझ्या मते गेल्या 50 वर्षांतल्या सार्वजनिक आरोग्याच्या कामांत याच्या तोडीची कामे थोडी.

माझी आजी हंड्याच्या तोंडाला धुतलेल्या जुन्या लुगड्याचा चौपदरी तुकडा बांधायची आणि पाणी ओतून झाल्यावर तो उलटा करून झटकायची. ती झटकायची तो सायक्लोप्स होता, हे मला फार पुढे कळले. बांगलादेशात रिटा कोलवेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हेच मोठ्या प्रमाणावर करून पाहिले. पटकीचे जंतू प्लवकांच्या अंगाला चिकटून राहतात, म्हणून त्यांनी गावांतल्या बायकांना जुनी साडी निदान चार पदरी घडी करून पाणी गाळायला शिकवले. 2003 मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांत पटकीचे प्रमाण 48 टक्क्यांनी घटलेले दिसले.

एकदा पायविहिरीतल्या सायक्लोप्सपर्यंत नजर पोचवलेल्या आपल्या यंत्रणेने नारू गेला तशी ती नजर काढून घेतली. आज गावाच्या पाण्याचा नमुना तपासला जातो तो जिवाणू, क्लोरीन, नायट्रेट, फ्लोराइड यांच्यासाठी. हे सगळे आवश्यकच आहे. पण पाणी हिरवे का झाले, कोणत्या जिवाने झाले, हा रकाना मी तरी अशा नेहमीच्या अहवालात पाहिलेला नाही.

आणि पाणी तर हिरवे होत आहे. जिल्ह्याच्या दक्षिण कडेला कर्जत तालुक्यातून भीमा जाते. सिद्धटेकचा गणपती तिच्याच काठी. पुण्याची मुळा-मुठा (ती मुळा वेगळी, आपली हरिश्चंद्रगड-रतनगडाच्या डोंगरातून येते) पुणे-पिंपरीचे सांडपाणी घेऊन भीमेला मिळते आणि ते सारे उजनीच्या फुगवट्यात येऊन थांबते. वाहत्या पाण्यात जे पुढे गेले असते, ते उभ्या, तापलेल्या पाण्यात खत होते. नत्र आणि स्फुरद जास्त झाले, की डायटम मागे पडतात आणि नील-हरित शेवाळ माजते. त्यातला मायक्रोसिस्टिस हा मुख्य. त्याच्या पेशींत हवेच्या बारीक पोकळ्या असतात, त्यांच्या जोरावर तो पृष्ठभागावर तरंगतो, ऊन आपण घेतो आणि खालच्यांवर सावली पाडतो. पाणपिसूला तो नीट खाता येत नाही, कारण त्याचे पुंजके मोठे असतात आणि पुष्कळदा विषारी. म्हणजे चरणारे उपाशी आणि गवत माजलेले. काठाला हिरव्या रंगाच्या डब्यावर जमते तशी साय जमते आणि चार दिवसांनी तिला घाण सुटते.

त्याच्या विषाला मायक्रोसिस्टिन म्हणतात. ते यकृतावर घाला घालते, आणि पाणी उकळून जात नाही. पिण्याच्या पाण्यात ते लिटरला 1 मायक्रोग्रॅमपेक्षा जास्त नसावे, अशी जागतिक आरोग्य संघटनेची मर्यादा आहे. काठच्या गावांना हे कोणी सांगितले पाहिजे. हिरव्या सायीच्या जागी जनावरांना पाण्यावर नेऊ नये, एवढे तरी.

हाच प्रकार लहान आकारात शेततळ्यात होतो. प्लास्टिकचा कागद घातलेले शेततळे आज आपल्याकडे डाळिंबाच्या आणि द्राक्षाच्या बागांचा आधार आहे. तिथे प्लवकाशी शेतकऱ्याची ओळख होते ती ठिबकच्या फिल्टरमध्ये. जाळी हिरवी चोंदली, दाब पडला, ड्रीपर बंद झाले. मग मोरचूद टाकतात. दोन दिवसांत पाणी स्वच्छ दिसते. पण मोरचुदातले तांबे शेवाळ मारते तसे पाणपिसूलाही मारते, आणि तेही आधी. मेलेल्या शेवाळाचे खत पाण्यातच राहते, फुटलेल्या पेशींतले विष पाण्यात उतरते, आणि महिन्याभराने शेवाळ पुन्हा येते तेव्हा त्याला खाणारे कोणी उरलेले नसते. तळ्यात चंदेरा मासा सोडला तर तो शेवाळ गाळून खातो, कटला प्राणिप्लवकांवर वाढतो. वरून पाणी गाळले जाते आणि खाली विकायला मासे तयार होतात. मोरचुदाच्या पिशवीपेक्षा हा मार्ग किती तरी शहाणपणाचा आहे.

नाथसागराकडे परत येतो. 1965 मध्ये लालबहादूर शास्त्रींच्या हस्ते पायाभरणी झाली, 1976 मध्ये इंदिरा गांधींनी लोकार्पण केले. शेवगाव-नेवाशाची कसदार गावे पाण्याखाली गेली. 1986 मध्ये हा जलाशय पक्षी अभयारण्य झाला, तो आपल्या जिल्ह्यातही आहे, आणि तिथे रोहित पक्षी उतरतात. त्यांचा गुलाबी रंग त्यांचा स्वतःचा नसतो, शेवाळातून आणि बारीक कवचधारी जिवांतून पोटात गेलेला असतो. हिवाळ्यात आपण गाडी काढून जो रंग पाहायला जातो, तो प्लवकांचा रंग आहे. काठच्या मच्छीमारांचे जाळेही त्यांच्याच भरवशावर पाण्यात पडते. मे महिन्यात मृतसाठा उरतो तेव्हा हे सारे जीव त्या उथळ, तापलेल्या पाण्यात दाटीने जगत असतात. शेवाळ दिवसा प्राणवायू सोडते, रात्री स्वतःच तो घेते. पाणी फार हिरवे असेल आणि दोन-तीन दिवस आभाळ आले, तर पहाटे प्राणवायू संपतो आणि मासे वर येऊन तोंड उघडतात. सकाळी काठाला मेलेले मासे दिसले की पहिला संशय कोणी तरी विष घातल्याचा येतो. पुष्कळदा असे विष कोणीही घातलेले नसते.

2020 च्या जूनमध्ये लोणारचे पाणी गुलाबी झाले तेव्हा देशभर बातमी झाली, उच्च न्यायालयाने विचारणा केली, पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने नमुने तपासून क्षारप्रिय सूक्ष्मजीवांचे कारण सांगितले. योग्यच झाले. हिरव्या पाण्याला मात्र आपण सरावलो आहोत. नाथसागरासाठी वरच्या धरणांतून पाणी सोडण्याच्या 65 टक्क्यांच्या नियमावरून, समन्यायी वाटपावरून नगर-नाशिक आणि मराठवाडा वर्षानुवर्षे भांडत आहेत. त्या भांडणातले आकडे आपल्याला पाठ आहेत. ज्या पाण्यासाठी भांडतो ते पिण्याजोगे, मासा जगण्याजोगे आहे का, याचा एकही आकडा त्या भांडणात नाही.

माझी मागणी छोटी आहे. धरणाच्या भिंतीवर पाण्याची पातळी रोज वाचली जाते. तिथेच महिन्यातून दोनदा पांढरी तबकडी दोरीने पाण्यात सोडावी आणि ती दिसेनाशी होते ती खोली लिहावी. ही सेकी तबकडी दीडशे वर्षांहून जुनी आहे आणि तिला वीज लागत नाही. प्लवकाच्या जाळीतून 50 लिटर पाणी गाळावे आणि तळाशी किती मिलिलिटर साठले ते लिहावे. त्याचा एक थेंब सूक्ष्मदर्शकाखाली पाहावा. राहुरीला 1968 पासून कृषी विद्यापीठ आहे, तालुक्यातालुक्यात प्राणिशास्त्र आणि वनस्पतिशास्त्र शिकवणारी महाविद्यालये आहेत, सूक्ष्मदर्शक आहेत, मुले आहेत. नगर शहर मुळा धरणाचे पाणी पिते. त्या शहराला टीएमसीच्या शेजारी पाण्याची पारदर्शकताही रोजच्या चौकटीत वाचायला मिळावी. मुळा, भंडारदरा, नाथसागरचा आपल्या बाजूचा फुगवटा आणि भीमेवर सिद्धटेक, एवढ्या चार ठिकाणांपासून सुरुवात करावी.

संगमनेर तालुक्यातल्या एका शेततळ्यावर हे काम मी होताना पाहिले आहे. शेतकऱ्याने मला काठावर बसवले आणि म्हणाला, "भाऊ, कोपरापर्यंत हात घाला आणि सांगा, पंजा दिसतोय का." अंधूक दिसत होता. "मग बरोबर आहे. मनगटाशीच दिसायचा बंद झाला तर खाद्य बंद करायचं. कोपरापर्यंत बोटं मोजता आली तर शेणखत टाकायचं." त्याने रंगाच्या बादलीचे पांढरे झाकण दगड लावून दोरीला बांधले होते आणि दोरीला वितीवितीवर गाठी होत्या. मोटारीच्या खोलीत आतल्या भिंतीवर कोळशाने तारखा लिहिल्या होत्या, प्रत्येकीपुढे विती. दोन, दोन, दीड, दीड, एक. एकच्या पुढे बारीक अक्षरात लिहिले होते : तीन दिवस आभाळ, मोटार रात्रभर चालू. त्याच्या खालची नोंद पुन्हा दीड.